सोंग आणि देह

परंड्याचा भुईकोट पाहावयास गेलेला प्रवासी खंदक ओलांडून बुरुजांवर चढला, की तेथील तोफांजवळ हटकून रेंगाळतो. परंतु ज्या तोफेमुळे या किल्ल्याचे नाव इतिहासाच्या पुस्तकांत वारंवार येते, ती तोफ आज तेथे नाही. ‘मलिक-ए-मैदान’ ही प्रचंड तोफ १५४९ साली अहमदनगरास मुहम्मद बिन हसन रूमी याने ओतली. पुढे ती परंड्यास आली, आणि १६३२ साली आदिलशाहीच्या मुरारपंताने येथून हलवून विजापुरास नेली. तिचे वजन सुमारे ५५ टन सांगतात. तिचे तोंड साधे नाही. वासलेल्या जबड्याच्या श्वापदाचे ते तोंड असून त्याच्या दातांत हत्ती चिरडला जात आहे. धातूच्या नळकांड्यास श्वापदाचे सोंग दिले म्हणजे शत्रूच्या मनात दारूगोळ्याआधीच धडकी भरते, हे ओतणाऱ्यास ठाऊक होते. तिच्या अंगावर लेख कोरलेले आहेत. त्यांत ओतणाऱ्याचे नाव आहे, ज्याच्या राज्यात ती ओतली त्या निजामशहाचे आहे, आणि १६८६ साली विजापूर घेणाऱ्या औरंगजेबाचेही आहे. तोफ एकच, जो जो धनी आला तो तो तिच्या अंगावर आपले नाव लिहून गेला.

ही निर्जीव धातूची गोष्ट झाली. परंतु समाज माणसाच्या देहासही असेच सोंग देतो, व त्यावर आपली अक्षरे कोरतो. ज्यांचे पोट देहाच्या खेळावर चालते, त्यांच्या बाबतीत तर ही अक्षरे फार खोल जातात. अशा मंडळींच्या इतिहासाचा थोडा विचार करावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

हा विचार आताच सुचण्यास कारण असे की, चित्रशिल्पादी कलांच्या चर्चेत हल्ली एका नव्या प्रकाराचे नाव फार ऐकू येते. रंग, दगड, कागद यांपैकी काहीही न घेता कलावंत स्वतःचा देहच साहित्य म्हणून लोकांपुढे ठेवतो, आणि ‘मी कोण?’ हा प्रश्न त्या देहाच्या द्वारे विचारतो. या पंथात युगोस्लावियात जन्मलेल्या मरिना अब्रामोविच या बाईंचा मोठा लौकिक आहे. १९७४ साली नेपल्स शहरी त्या सहा तास स्तब्ध उभ्या राहिल्या. जवळच्या मेजावर ७२ वस्तू मांडल्या होत्या. त्यांत गुलाबाचे फूल होते, पीस होते, तसेच पाते होते, पिस्तूल व गोळीही होती. या वस्तूंनी माझ्या देहाचे हवे ते करा, अशी प्रेक्षकांस मोकळीक होती. आरंभी लोक संकोचाने वागले. मग धीट झाले, कपडे फाडू लागले, अंगावर ओरखडे काढू लागले. शेवटी एकाने ते भरलेले पिस्तूल त्यांच्यावरच रोखविले. सहा तास संपताच बाई हालल्या व लोकांच्या दिशेने चालू लागल्या. तेव्हा लोकांनी तेथून पळ काढला, असे त्यांनीच सांगितले आहे. ज्या देहाशी आपण वाटेल तसे वागलो त्यात माणूस आहे, हे त्यांस सहन झाले नाही.

हा प्रयोग विलक्षण आहे यात शंका नाही. तथापि देहाचा असा खेळ आपणांस नवा आहे, असे मात्र परंड्याच्या मुलखात राहणारा कोणीही म्हणणार नाही. आठवड्याच्या बाजारात पोतराज येतो. कमरेस रंगीत चिंध्यांचा घागरा, पायांत घुंगरे, कपाळभर हळदकुंकू, पाठीवर न कापलेले लांब केस, हातात आसूड. बरोबरच्या बाईच्या डोक्यावर मरीआईचा देव्हारा असतो, व तीच वाद्य वाजवीत असते. पोतराज नाचतो आणि आसूड आपल्याच उघड्या अंगावर ओढतो. त्याचा आवाज दुकानांच्या ओळीत घुमला म्हणजे लहान मुले आईच्या पदराआड शिरतात, आणि मोठी माणसे सुपातील दाणे किंवा खिशातील नाणे पुढे करतात. हा पुरुष आहे, परंतु त्याचा घागरा व केस बाईचे आहेत. तो स्वतःस मारतो, परंतु ते गावावरचे संकट आपल्या अंगावर घेण्यासाठी, अशी श्रद्धा. तो आहे कोण? पुरुष, स्त्री, की देवी? आधुनिक कलावंत जो प्रश्न विचारण्यासाठी सहा तास उभा राहतो, तोच पोतराजाच्या अंगावर जन्मभर लिहिलेला असतो. या दोन खेळांत एकच फरक आहे, आणि आमच्या मते सारे मर्म त्या फरकात आहे: सहा तासांनंतर त्या बाईंस निघून जाता आले.

सोंग घेऊन देहाचे रहस्य सांगण्याची आपल्याकडील सर्वांत थोर रीत म्हणजे भारूड, आणि तिचे नाथांशी असलेले नाते सर्वश्रुत आहे. एकनाथांचा काळ १५३३ ते १५९९. ज्या निजामशाहीने ती तोफ ओतविली, तिच्याच मुलखात नाथांचे आयुष्य गेले. त्यांचे गुरू जनार्दनस्वामी त्याच राज्याच्या चाकरीत देवगिरीस होते. आणि नाथांनी देह ठेविल्यावर लवकरच, १६०० साली, अहमदनगर मोगलांच्या हाती पडून निजामशाहीची गादी मलिक अंबराने परंड्यास आणिली. अशा धामधुमीच्या काळात पैठणच्या या ब्राह्मणाने वाघ्या, मुरळी, गोंधळी, जोशी, महार, कोल्हाटीण, पोतराज, आंधळा, मुका, सासुरवाशीण अशा कितीतरी जणांच्या तोंडून परमार्थ बोलविला. नाथांनी त्यांच्याविषयी लिहिले असे म्हणणे पुरेसे नाही. ते होऊन लिहिले. भारुडात वक्ता ‘मी’ असे म्हणतो, आणि तो ‘मी’ गावकुसाबाहेरचा असतो. आजही भारूड सादर करणारा पुरुष डोक्यावरून लुगडे घेतो, कपाळास मळवट भरतो, हातात परडी धरतो, आणि हसविता हसविता श्रोत्यांस सांगतो की, माझे हे लुगडे जसे वरून घेतलेले आहे, तसाच तुमचा देहही वरून घेतलेला आहे; जात, रूप, वय, स्त्रीपण, पुरुषपण ही सारी सोंगेच होत.

रामदासांनीही पुढे या धर्तीची रूपके रचली. त्यांचे पट्टशिष्य व दासबोधाचे लेखनिक कल्याणस्वामी यांचा मठ सीनेच्या काठी डोमगाव येथे, म्हणजे परंडा तालुक्यातच आहे, आणि त्यांची समाधीही तेथेच आहे. या कल्याणस्वामींच्या अफाट शरीरसामर्थ्याच्या कथा सांप्रदायिक मंडळी अजून सांगतात. सज्जनगडावर उरमोडीचे पाणी ते मोठाल्या हंड्यांतून वाहून नेत असत, असे म्हणतात. देह मिथ्या आहे असे अहोरात्र लिहून घेणारा हा शिष्य आपला देह मात्र गुरूच्या सेवेत असा झिजवीत होता. देहास तुच्छ लेखूनही त्याच्याकडूनच सारे काम करून घ्यावयाचे, हा संतपरंपरेतील विरोध वाटला तरी विरोध नव्हे. सोंग चांगले वठविल्यावाचून ते सोंग आहे हे सांगता येत नाही.

येथवर सर्व ठीक आहे. परंतु इतिहासाचा अभ्यास करणाऱ्याने येथे थांबून एक अवघड प्रश्न विचारला पाहिजे. नाथ भारुडात महार झाले, मुरळी झाले, पोतराज झाले, आणि भारूड संपताच पुन्हा नाथ झाले. त्या काळी त्यांनी दाखविलेले धैर्य आम्ही यत्किंचितही कमी लेखीत नाही. परंतु ज्या मुरळीचे सोंग त्यांनी घेतले ती मुरळी कीर्तन संपल्यावर कोठे गेली? ती मुरळीच राहिली. तिला कोणी विचारून खंडोबास वाहिले नव्हते. पोतराजाचे केस त्याच्या आईबापांच्या नवसाने वाढले होते. ज्यांचे वेश नाथांस रूपकासाठी उपयोगी पडले, त्यांस तो वेश हेच जिणे होते.

आमच्या जिल्ह्यात या गोष्टीची जाणीव विशेष तीव्र असावयास हवी, कारण तुळजाभवानीचे ठाणे येथेच आहे. तिच्या भक्तांत आराधी म्हणून एक वर्ग आहे. गळ्यात कवड्यांची माळ, हातात परडी व पेटता पोत असा त्यांचा वेश, आणि त्यांतील कित्येक पुरुष देवीसाठी लुगडे नेसतात. या वेशात मोठे सौंदर्य आहे, कित्येकांस त्यात आसराही मिळालेला आहे. जन्माने मिळालेल्या पुरुषपणाशी ज्याचे मन जुळत नाही, त्यास घराने टाकले तरी देवी टाकीत नाही, हा विश्वास काही थोडका नव्हे. परंतु ज्यांनी तो आपण होऊन घेतला व ज्यांच्यावर तो लादला गेला, त्यांना एकाच पंक्तीस बसविणे न्यायाचे होणार नाही. विठ्ठल रामजी शिंदे यांनी मुरळ्या सोडण्याच्या चालीविरुद्ध चळवळ केली. १९३४ साली मुंबई इलाख्यात देवदासींच्या संरक्षणाचा कायदा झाला. आणि १९३६ च्या जून महिन्यात मुंबईस दामोदर हॉलमध्ये वाघ्ये, देवदासी, जोगतिणी व आराधी यांची जी सभा भरली, तीत डॉ. आंबेडकरांनी हे जिणे सोडून देण्याचा स्पष्ट उपदेश केला. सोंग हे मुक्तीचे साधन आहे असे एका परंपरेने सांगितले होते. सोंग फेकून देणे हीच मुक्ती आहे, असे आता दुसरी परंपरा सांगू लागली. पुढे कित्येक पोतराजांनी केस कापले, आसूड ठेवून दिला. त्या दिवशी त्यांस आरशात कोण दिसले असेल, याचा विचार आपल्या कलाचर्चेने कधी केलेला नाही.

आता शहरी रंगभूमीकडे वळू. १८४३ साली सांगलीस विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ केले तेव्हापासून पाऊणशे वर्षांहून अधिक काळ मराठी नाटकांतील नायिका प्रायः पुरुषच असत. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट काढला त्या वेळी तारामतीच्या कामास कोणी स्त्री मिळेना. तेव्हा एका उपाहारगृहात स्वयंपाकाच्या कामावर असलेला अण्णा साळुंके हा तरुण तारामती झाला. १९१७ च्या ‘लंकादहना’त तर त्यानेच राम व सीता या दोन्ही भूमिका केल्या. एकाच देहात देव आणि देवी पाहून प्रेक्षक हात जोडीत होते, त्यांस यात काहीही विसंगत वाटले नाही.

या परंपरेचा कळस म्हणजे नारायण श्रीपाद राजहंस, अर्थात बालगंधर्व. कुलीन घरच्या स्त्रिया त्यांचे नेसणे, त्यांचा अंबाडा, त्यांचे दागिने पाहून आपला वेश ठरवीत. स्त्रीने कसे दिसावे हे एका पुरुषाने स्त्रियांस शिकविले! १२ मार्च १९११ रोजी मुंबईस ‘मानापमान’ नाटकाचा पहिला प्रयोग होता, आणि त्याच दिवशी त्यांची लहानगी मुलगी वारली. प्रयोग झाला. बापाने डोळे पुसले, रंग लावला, लुगडे नेसले, आणि प्रेक्षकांस श्रीमंत घरची मानिनी भामिनी दिसली. ही हकीकत आमच्या घराघरांत कर्तव्यनिष्ठेचा आदर्श म्हणून सांगितली जाते, आणि ते योग्यच आहे.

त्या वेशाने त्यांच्याकडूनही मोल घेतलेच. १९३५ साली ‘प्रभात’च्या ‘धर्मात्मा’ चित्रपटात ते एकनाथ झाले. जन्मभर सोंगाने सत्य दाखविणाऱ्या कलावंताने सोंगाच्या आचार्याची भूमिका केली. परंतु पुरुषवेशातील बालगंधर्व पाहण्याची प्रेक्षकांची तयारी नव्हती, असे सांगतात. १९३७ साली ते मीराबाई होऊन पुन्हा लुगड्यात दिसले. पुढे गोहरबाई कर्नाटकी यांच्याशी त्यांचा संबंध जुळला तेव्हा कित्येक चाहते रुष्ट झाले. कर्ज झाले, पाय अधू झाले. तरी १९६४ साली त्यांस पद्मभूषण मिळाले, आणि १९६७ साली ते वारले तेव्हा उभा महाराष्ट्र हळहळला. त्यांस लोक प्रेमाने ‘नारायणराव’ म्हणत. त्यांचे पुरुषाचे नाव, त्यांची जात, त्यांचे घरंदाजपण यांस त्या लुगड्याने धक्का लागला नाही.

आता त्याच्याशेजारी दुसरी हकीकत ठेवून पाहा. विठाबाई नारायणगावकर यांचा जन्म १९३५ सालचा, भाऊ-बापू मांग नारायणगावकर यांच्या तमासगीर घराण्यातला. दिवस भरलेले असतानाही त्या बोर्डावर उभ्या राहिल्या. प्रयोग चालू असता कळा सुरू झाल्या. पडद्यामागे जाऊन त्या बाळंत झाल्या, दगडाने नाळ तोडली, आणि पुन्हा नाचावयास बाहेर आल्या, अशी हकीकत सांगतात. हे कळल्यावर प्रेक्षकांनीच पुढचा खेळ नको म्हटले. एका कलावंताने मृत्यू मागे ठेवून रंग लावला, दुसरीने जन्म मागे ठेवून घुंगरे बांधली. कर्तव्यनिष्ठेच्या तराजूत यांपैकी कोणते पारडे जड, हे आम्हांस सांगता येणार नाही. परंतु पहिली गोष्ट आमच्यासारख्यांच्या बैठकीच्या खोलीत पिढ्यान्‌पिढ्या सांगितली गेली, दुसरी नाही. विठाबाईंस राष्ट्रपतींच्या हस्ते मान मिळाला. पण २००२ साली त्या गेल्या तेव्हा त्यांच्या शेवटच्या आजाराच्या खर्चाची विवंचना होती. पुढे त्यांच्या नावाने शासनाने जीवनगौरव पुरस्कार ठेविला. ज्या देहाने आयुष्यभर लोकांस रिझविले, त्याच्या औषधपाण्याहून त्याचे नाव कोरणे आपणांस सोपे गेले.

तमाशात नाच्याचे काम करणाऱ्याचे दैवही पाहावे. कोल्हापूरचे गणपत पाटील यांनी मराठी तमाशापटांत नाच्या असा उभा केला, की ते काम म्हटले की तेच डोळ्यांपुढे यावेत. संसारी गृहस्थ, उत्तम नट. परंतु लोकांनी सोंग व माणूस एकच मानले. त्यांच्या पुरुषपणाविषयी कुजबुज झाली, टवाळी झाली, आणि तिची झळ घरच्या माणसांस लागली. बालगंधर्वांनी लुगडे नेसले ते कला ठरले. गणपत पाटलांनी नुसती कमरेस लचक दिली ती अवहेलनेस पात्र ठरली. दोघेही पुरुष, दोघांनीही बाईपणाचे सोंग घेतले. मग निवाडा वेगळा का? एकाचे बाईपण घरंदाज स्त्रीचे होते, दुसऱ्याचे फडावरचे. एकास पाहणारे आपणांस रसिक म्हणवीत, दुसऱ्यास पाहणारे शिट्टी मारीत. देह काय करतो यापेक्षा तो कोणत्या पंक्तीत बसून करतो, यावर आम्ही निवाडा दिला.

आपण होऊन ही पंगत सोडणारे क्वचित आढळतात. श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी हे ब्राह्मण शाहीर पवळेच्या संगतीत पठ्ठे बापूराव झाले, तेव्हा त्यांस ब्राह्मण्याचा वेश पुन्हा अंगावर घेता आला नाही. १९४५ साली ते विपन्नावस्थेत वारले. सोंगाच्या बाजूस उतरलेल्या माणसास समाज परत येऊ देत नाही, एवढेच यावरून दिसते.

ज्यांस उतरावे लागले नाही, जे तेथेच जन्मले, त्यांचे काय? परंड्याची शीव ओलांडली की करमाळा तालुका लागतो. तेथील नेर्ले या गावचा किशोर काळे हा मुलगा तमाशात नाचणाऱ्या आईच्या पोटी जन्मला, हालांत वाढला, शिकून डॉक्टर झाला. १९९४ साली त्याचे ‘कोल्हाट्याचं पोर’ हे आत्मवृत्त निघाले. कोल्हाटणीच्या नाचण्यावर तिचे बापभाऊ कसे जगतात, तिच्या देहाचा मालक बदलत कसा जातो, आणि तिच्या मुलास ‘बापाचे नाव काय?’ या शाळेतल्या साध्या प्रश्नाने कसे घायाळ व्हावे लागते, हे मराठी वाचकास त्या पुस्तकाने सांगितले. नाथांच्या भारुडात कोल्हाटीण बोलली होती. चारशे वर्षांनी तिचा मुलगा स्वतः बोलला. पुस्तकावर लेखकाचे नाव ‘किशोर शांताबाई काळे’ असे आहे. बापाच्या नावाच्या जागी आईचे नाव! २००७ साली, ऐन तारुण्यात, ते अपघातात गेले. परंतु नावाच्या त्या तीन शब्दांत त्यांनी जे केले, ते देहाविषयीच्या व ओळखीविषयीच्या कोणत्याही आधुनिक प्रयोगाहून आम्हांस मोठे वाटते. कारण येथे अक्षरे दुसऱ्या कोणी कोरलेली नाहीत.

देहास साहित्य मानणाऱ्या नव्या कलेचे आम्ही स्वागतच करतो. नेपल्सच्या दालनात लोकांनी पळ काढला तो आपल्याच वागण्याच्या भीतीने; ती भीती उपजविणारी कला उपेक्षणीय नाही. परंतु तिच्या कौतुकात आपल्या बाजारपेठांत, जत्रांत व फडांवर चाललेला पुरातन प्रयोग दृष्टीआड होऊ नये. जे सोंग मनास येईल तेव्हा उतरविता येते, ते कला होय. जे उतरविता येत नाही, त्यास आपल्या देशात जात असे म्हणत आले आहेत. नाथांनी सारीच माणसे सोंगे आहेत असे सांगितले. ते खरे ठरावयाचे तर प्रत्येकास आपले सोंग उतरविण्याची मोकळीक हवी.

परंड्याची ती तोफ विजापूरच्या बुरुजावर अजून आहे. तिच्या अंगावरची नावे वाचता येतात. ती नावे धारण करणारी राज्ये मात्र केव्हाच लयास गेली. तोफेस आपले नाव आपण लिहिता येत नाही. माणसास येते, आणि कोणी लिहू लागला, तर निदान त्याच्या हातातली लेखणी आपण काढून घेऊ नये.